टोकावड्याच्या ढाब्यावरचा फोन

आमच्या शेणव्याच्या जयंती कमिटीने यंदा स्मरणिका काढायची ठरवली आणि एक काम माझ्या गळ्यात मारलं. "बाई, तुमचं मराठी चांगलं. तुमच्या मामांवर दोन पानं लिहा. मथळा आमी ठरवलाय, ‘आपल्या गावचे राजदूत’." मी म्हटलं, मामा राजदूत कधीच नव्हते. तर अध्यक्ष रूपेश म्हणतो, "त्यानं काय फरक पडतो? गाव तर राजदूतच म्हनतं ना."

गाव म्हणतं हे खरं. मी शाळेत असताना पोरं मला चिडवायची, तुझा मामा राजदूत म्हणजे फटफटी ना, मार की किक. त्यातल्या दोघांना मी बडवलंही होतं.

रूपेशला मी त्याची दोन पानं दिली. त्यात जन्मतारीख आहे, देशांची यादी आहे, फोटो आहे. हे जे लिहितेय ते त्या दोन पानांत बसलं नाही, आणि बसलं असतं तरी कमिटीने छापलं नसतं.

माझ्या मामांचं नाव बाळाराम चन्ने. माझे आजोबा, म्हणजे त्यांचे वडील, तलाठ्याकडे कोतवाल होते. तलाठ्याचं दप्तर डोक्यावर घेऊन गावोगाव फिरायचं आणि तलाठी आत चहा घेत असेल तोवर बाहेर थांबायचं, ही नोकरी. आजोबांना वाचता येत नव्हतं. मामांना येऊ लागलं तसे ते सुट्टीत त्यांना बरोबर नेत आणि दप्तरातले कागद हळूच वाचायला लावत. आपण आयुष्यभर डोक्यावर काय वाहिलं हे त्यांना कळून घ्यायचं होतं. आठ वर्षांचा पोरगा ओटीवर बसून वाचायचा: मयत. वारस. कब्जा. हक्क. मुदत. हरकत. दाखल. जमीन आमच्या घरात एक गुंठाही नव्हती, पण जमिनीचे सगळे शब्द तोंडपाठ होते.

पुढे मामा शिकले, परीक्षा दिल्या आणि ब्याऐंशी साली दिल्लीला परराष्ट्र खात्यात कारकून म्हणून लागले. तिथे काही जणांना भाषा शिकायला पाठवत. सगळ्यांना फ्रेंच हवी होती, कारण सगळ्यांना पॅरिस दिसत होतं. अरबी कुणी मागेना. मामांनी मागितली. कैरोला पहिल्याच दिवशी मास्तरांनी विचारलं, अरबीतला एखादा शब्द येतो का? मामांनी आजोबांच्या दप्तरातले सात-आठ शब्द म्हणून दाखवले. ते शब्द तिथूनच तर आपल्याकडे आले होते. मास्तर हसले आणि म्हणाले, "मयत, वारस, कब्जा. अरे, तुला तर फक्त मेलेल्या माणसाच्या घरात बोलता येईल."

हा किस्सा मामा पूर्वी फार रंगवून सांगत. हल्ली सांगत नाहीत.

शब्द तिथून आले खरे, पण काही वाटेत बदलून आले. ‘गरीब’ म्हणजे तिकडे परका माणूस. मामांनी गंमत म्हणून घरी पत्र लिहिलं, "आये, इथं मी फार गरीब आहे." माझ्या आईने ते आजीला वाचून दाखवलं. खालचा खुलासा वाचायच्या आधीच आजी जी रडायला बसली ती दोन दिवस रडत होती. एवढ्या लांब गेलास आणि तिथंही गरीबच का रे, म्हणून. मामा म्हणतात, तेव्हाच मी सावध व्हायला हवं होतं.

कैरोनंतर दमास्कस, मग साना, मग खार्टूम. कारकुनाचे दुभाषे झाले, दुभाष्याचे अधिकारी झाले. आपले मंत्री तिकडे गेले की दोन मोठ्या खुर्च्यांच्या मध्ये, अर्धं पाऊल मागे मामा बसत. आमच्याकडे असे एकोणीस फोटो आहेत. प्रत्येकात मंत्री पूर्ण आणि मामांचा एक कान नि खांदा. मी एकदा म्हटलं, मामा, तुमची सगळी कारकीर्द या एका कानाची आहे. ते म्हणाले, "खरं हाय गो. तोच कान शेवटी दगा देऊन गेला." तेव्हा मला ते कळलं नव्हतं. मी हसले होते.

शेवटची मोठी नेमणूक आखातातल्या एका देशात. देशाचं नाव त्यांनी मला कधी सांगितलेलं नाही. सदतीस वर्षं तोंडाला कुलूप लावायची सवय, ती जायची कशी? तिथे त्यांच्याकडे आपल्या मजुरांचं खातं होतं. कोण आजारी, कुणाचा पासपोर्ट मालकाने दाबून ठेवला, कोण तुरुंगात, कोण मेला. मास्तरांनी म्हटलं होतं तसंच झालं. मामांना मेलेल्या माणसांच्या घरी बोलायचं काम मिळालं.

दोन हजार एकोणीसला ते निवृत्त होऊन शेणव्याला आले. मामी त्याआधीच दिल्लीत वारल्या होत्या. मामांनी आमच्या शेजारची दोन खोल्यांची जागा नीट करून घेतली आणि एकटे राहू लागले. मी किन्हवलीच्या शाळेत शिकवते. सकाळी जाताना त्यांना चहा देऊन जायची आणि संध्याकाळी येऊन बघावं तर कप तसाच भरलेला, वर साय धरलेली. रोज नाही, अधूनमधून. पण मी तोंडाची फटकळ, मी बोलायची. "चहा आवडत नसेल तर सांगा, ओतून द्यायला मी बनवत नाही."

आणखीही होतं. एकदा माझ्या वर्गातला पोरगा घरी वही घेऊन आला. उशीर झाला होता म्हणून दारातूनच ओरडला, "बाई, माफी!" मामा खाटेवर बसले होते. ते ताडकन उठले आणि भर उन्हात चपला न घालता रस्त्यापर्यंत चालत गेले. पोरगा घाबरला. दुसऱ्या वेळी पेपर वाचत होते, कुठल्याशा खटल्याची बातमी होती, मथळा होता ‘माफीचा साक्षीदार फिरला’. त्यांनी पेपरची घडी केली, त्यावर हात ठेवला आणि अर्धा तास तसेच बसले. मला वाटलं, वय झालं. मला वाटलं, मामींची आठवण येत असेल. मला काय काय वाटलं आणि सगळं चुकीचं होतं.

गेल्या भाद्रपदात, पितृपक्षात, एक मुलगी आमच्या दारात आली. बावीस-तेवीसची असेल, अंगात पंजाबी ड्रेस, पायाला चिखल. एसटी बदलत बदलत टोकावड्याकडून आली होती. म्हणाली, "बाळाराम साहेब हितंच ऱ्हातात ना? मी संगीता. हरेशची पोर." मामांनी नाव ऐकलं आणि स्वतः उठून तिला खाटेवर जागा करून दिली.

संगीताने सांगितलं ते असं. तिचा बाप हरेश मुरबाड तालुक्यातला, टोकावड्याच्या वरच्या अंगाला त्यांची वाडी. सगळी वाडी भूमिहीन, दिवाळी झाली की कामाला बाहेर पडणारी. हरेश एका एजंटाच्या नादाने आखातात गेला तेव्हा ती सहा वर्षांची होती. तिथे तो खजुराच्या बागेत कामाला होता. पाण्याच्या पाळीवरून भांडण झालं, त्याने मुकादमाला खोऱ्याचा दांडा मारला आणि तो मुकादम मेला. कोर्टाने हरेशला फाशी सांगितली. चौदा वर्षांपूर्वी ती झाली. सरकारचा कागद आला, तलाठ्याच्या माणसाने वाडीवर येऊन वाचून दाखवला. पण तिची आई, वेणू, ते मानतच नाही. म्हणते, त्याला माफी झाली, मी माझ्या कानाने ऐकलं.

"चवदा वर्सं झाली, साहेब. सगली वाडी तिला खुळी म्हनते. मी पन म्हनते. कुकू पुसलं नाय. पित्रांना सगल्यांचा घास काढते, बापाचा काढू देत नाय. जित्या मानसाचा घास काढतात का, म्हनते. आन् माझी आजी, येसू, ती आता अंथरुनावर हाय. तिला तो दिसतो. दुपारच्याला बांधावर हुबा असतो म्हनते. घास मागतो, उपाशी हाय म्हनते. आजी रडते, आय तिच्यावर वराडते. मधी मी. आय म्हनते, साहेब सोता बोलला व्हता. तवा तुमीच या. तुमी सांगितलंत की तो मेला, तरच ती ऐकंल. आजी हाय तवर एकदा घास पडू दे."

मामा म्हणाले, "येतो." संगीता चहा पिऊन दुपारच्या गाडीने गेली. मामांचा कप तसाच होता.

मी उचलायला गेले तर म्हणाले, "राहू दे तो. बस जरा." आणि ओटीवर बसून, समोर कुणीतरी टिपून घेत असल्यासारखं, तारीखवार त्यांनी मला सांगितलं.

त्या देशात खुनाच्या खटल्यात मेलेल्याचे वारस माफ करतील तर फाशी टळते. वारस, म्हणजे आजोबांच्या दप्तरातलाच शब्द. मुकादमाचा वारस त्याचा थोरला भाऊ. मामा सात महिने त्याच्याकडे खेपा घालत होते. तिकडची रीत अशी की काही मागायला आलेला माणूस समोर ठेवलेली कॉफी पीत नाही. कप तसाच ठेवतो. यजमानाने मागणं मान्य केलं की म्हणतो, घे आता, पी. मामा दर खेपेला कप ठेवून बसत आणि कॉफी निवून जाई. शेवटच्या खेपेला त्या भावाने कपाकडे खूप वेळ पाहिलं आणि म्हणाला, रविवारी कोर्टात सांगतो.

या सात महिन्यांत मामा वेणूशी फोनवर बोलत. वाडीवर मोबाइलला रेंज नव्हती. टोकावड्याला हमरस्त्यावर शाम नावाच्या माणसाचा ढाबा आहे, त्याच्या फोनवर वेळ ठरवून बोलणं व्हायचं. वेणू दीड तास उतरून खाली यायची. पहिल्या फोनला ती काही बोलेच ना. मग मामांनी दिल्लीचं मराठी सोडलं आणि आमच्याकडचं बोलले, "घाबरू नुको गो, मी शेणव्याचा हाय." तेव्हा ती रडली आणि बोलायला लागली. "तवापासून तिचा सगला भरोसा माझ्या आवाजावर व्हता," मामा म्हणाले.

त्या रविवारी त्यांनी तिला अकराला बोलावलं होतं. ज्या क्षणी कळेल त्या क्षणी सांगीन, असा शब्द दिला होता. ते कोर्टाच्या व्हरांड्यात उभे, कानाला फोन, पलीकडे वेणू. फोनमधून ढाबा ऐकू येत होता, ग्लासात चमचा ढवळल्याचा आवाज, कुणीतरी "दोन मिसळ" ओरडतंय, एसटीचा हॉर्न. इतक्यात दार उघडून कोर्टाचा कारकून बाहेर आला. मामांनी भुवया उंचावून विचारलं. कारकून हात झटकून म्हणाला, "मा फी."

"मा फी म्हंजे नाय, गो. तिकडं ‘नाही’ला असंच बोलतात. पानी हाय का? मा फी. साहेब हाय का? मा फी. दिवसातून शंभरदा कानावर पडनारा शब्द. माफीला ते अफ्व म्हनतात, तो शब्द येगला. मला इतका धक्का बसला की मीच मोठ्यानं बोललो, ‘मा फी?’ फोन कानाला तसाच."

पलीकडे वेणूने ते ऐकलं. साहेबाच्या तोंडून, साहेबाच्या आवाजात. ती किंचाळली. "माफी! माफी झाली!" ढाब्यावर टाळ्या वाजल्या. कुणीतरी शिट्टी मारली. वेणू हसत-रडत विचारत होती, "भाऊ, खरंच ना? माफी ना?"

मी म्हटलं, "मग तुम्ही काय म्हणालात?"

"मी ‘हं’ म्हनालो."

मग फोन तुटला. पुन्हा लावला असता तर लागला असता, हे त्यांनी स्वतःहून सांगितलं, मी विचारलं नव्हतं. त्यांना वाटलं, वरच्या दरबारात एक अर्ज करता येतो. तो मान्य झाला तर तिला दुःखाचं काही सांगायलाच नको. संध्याकाळी लावू म्हणाले. मग उद्या लावू. दुसऱ्या दिवशी लावला तर शामने उचलला आणि म्हणाला, वेणू साऱ्या ढाब्याला साखर वाटून गेली, साहेब. मामांनी फोन ठेवला. अर्ज फेटाळला गेला. तीन आठवड्यांनी हरेश गेला. तिथेच पुरला. तो आदल्या दिवशी मामांना भेटला तेव्हा म्हणाला होता, घरी नीट सांगा.

"आन् सरकारी कागद गेला त्याच्यावर सही माझीच. मयताची खबर, खाली बाळाराम चन्ने. तिनं माझ्या सहीपेक्षा माझा आवाज खरा धरला."

मला मामांचा राग आला. दया यायला हवी होती, ती नंतर आली. आधी राग आला, आणि मी तो बोलून दाखवला. म्हटलं, "मंत्र्यांच्या मधे बसून उभा जन्म दुसऱ्यांचे नकार पोचवलेत, आणि हा एक पोचवता आला नाही?" ते म्हणाले, "दुसऱ्यांचे पोचवले गो. हा माझा व्हता."

तिसऱ्या दिवशी शाळेला सुट्टी होती. मी त्यांना स्कूटीवर मागे बसवलं आणि किन्हवली, सरळगाव करत टोकावड्याला नेलं. ऊन कडक होतं, हळवं भात पिवळं पडायला लागलं होतं. टोकावड्याला पाणी घ्यायला थांबले ती नेमकी शामच्या ढाब्यावर. हाच तो ढाबा, हे मला माहीत नव्हतं. मामा उतरले आणि फळीच्या टेबलाशी उभे राहिले. कुणीतरी ग्लासात चमचा ढवळत होतं. माळशेजकडे जाणारी एसटी वळणावर हॉर्न वाजवत आली. मामांनी दोन्ही हातांनी कान झाकले. चौदा वर्षं ऐकत आलेली जागा ते पहिल्यांदा बघत होते. ढाबेवाला विचारत होता, काका, काय देऊ? मी म्हटलं, काही नको, आणि त्यांना गाडीवर बसवलं.

वाडीच्या खाली संगीता उभी होती. वर चढेपर्यंत बारा वाजून गेले. कारवीच्या कुडाचं घर, पुढे सारवलेलं अंगण, अंगणापलीकडे दुसऱ्या कुणाच्या नाचणीचा तुकडा आणि त्याचा बांध. दारातच खाटेवर येसू म्हातारी पडलेली. तिने आम्हाला पाहिलंच नाही. ती बांधाकडे बघत होती. "हुबा हाय," ती म्हणाली, "बोलवा त्याला, ऊन लागंल." आम्ही बौद्ध माणसं, पितर घालत नाही, भुतंखेतं मानत नाही, मी तर वर्गात यावर तासभर बोलते. मी बांधाकडे पाहिलं. तिथे कुणी नव्हतं. मी दुसऱ्यांदा पाहिलं नाही.

वेणू अंगणात पळसाच्या पत्रावळी टाचत बसली होती. पितरांच्या जेवणासाठी. पन्नाशीची बाई, कपाळावर ठसठशीत कुंकू. मामांनी नमस्कार केला आणि म्हणाले, "वेणू, मी शेणव्याचा."

आवाज ऐकताच तिच्या हातातलं पान खाली पडलं. चेहरा असा उजळला की मला तिकडे बघवेना. "भाऊ! तुमी आलंत. आनलंत का त्याला?" मग संगीताकडे वळून, "बघ! बोल्ली व्हते ना मी?"

मामा जमिनीवर बसले. संगीताने चहा आणून समोर ठेवला. त्यांनी कपाला हात लावला नाही. आणि सांगितलं. आडवळणं घेतली नाहीत, सगळं आमच्याकडच्या बोलीत सांगितलं. कोर्ट, कारकून, त्याने काय म्हटलं, तिकडे त्याचा अर्थ काय, आपण ते मोठ्याने कसं उच्चारलं, तिने काय ऐकलं. हरेश कुठल्या दिवशी गेला. कुठे पुरला. त्याने काय निरोप दिला होता.

वेणूने पत्रावळ पुन्हा हातात घेतली होती. ऐकता ऐकता ती टाचत होती. सगळं झाल्यावर संगीताच पहिली बोलली, ती आईकडे बघत होती. "म्हंजे आय, बरोबर ऐकलीस तू. तू खुळी नव्हतीस." आणि ती ओंजळीत तोंड घालून रडायला लागली.

वेणू रडली नाही. तिने विचारलं, "त्यांच्यात माफी म्हंजे नाय?"

"हां."

"आन् आपल्यात माफी म्हंजे माफी."

"हां."

"मी इचारलं, खरंच ना? तवा तुमी ‘हं’ बोल्लंत. ते कुनाच्या भाषेतलं व्हतं, भाऊ?"

मामांची मान खाली गेली. "ते आपल्याच भाषेतलं."

वेणूने मान हलवली, हिशेब समजल्यासारखी. हातातली पत्रावळ पुरी केली, कडा हातानं दाबून नीट केल्या आणि ती टाचलेल्या थप्पीवर न ठेवता वेगळी बाजूला ठेवली. मग म्हणाली, "च्या निवला. घ्या ना."

मामांनी हात जोडले. त्यांना जे मागायचं होतं त्याला दुसरा शब्द नव्हता, आणि तोच शब्द त्यांच्या तोंडातून निघेना. ओठ हलत होते. "वेणू, मला..." एवढंच झालं. दोन भाषांत राजांची आणि मंत्र्यांची बोलणी पुरी केलेला माणूस, आणि त्याला आपलं एक वाक्य पुरं करता येईना.

वेणू उठली. बाजूला ठेवलेली पत्रावळ उचलली. आमच्यापैकी कुणाकडेही न बघता म्हणाली,

"माफी."

आणि आत गेली. आत भाताच्या टोपावरचं झाकण काढल्याचा आवाज आला. ती पत्रावळीवर भात, वर डाळ, एक वडा घेऊन बाहेर आली, खाटेवरून म्हातारीला उठवून बसवलं, आणि दोघी एकमेकींना धरत बांधाकडे चालत गेल्या. म्हातारी बडबडत होती, "आला घास, आला, खा बाबा." वेणूने पत्रावळ बांधावर ठेवली. तिथे ती बसली आणि मग मोठ्याने रडली. चौदा वर्षांचं रडली. संगीता धावत गेली. आम्ही दोघं अंगणात उभे राहिलो. तिथे आमचं काही काम नव्हतं. खाली मामांचा चहा तसाच भरलेला होता. ते त्या कपाकडे बघत होते, वाकले, पुन्हा सरळ झाले, आणि कप तिथेच ठेवून निघाले.

सरळगाव मागे पडल्यावर त्यांनी मागून माझ्या खांद्यावर हात ठेवला.

"संध्ये, ती काय म्हनाली?"

"ऐकलंत ना. माफी म्हणाली."

"ते ऐकलं गो. कुठल्या भाषेत म्हनाली?"

मला प्रत्येक गोष्टीवर उत्तर असतं, म्हणून घरात मला कुणी प्रश्न विचारत नाही. मी गाडीचा वेग वाढवला. हेल्मेटमध्ये मला काही ऐकू आलं नाही असं दाखवलं. तिचा आवाज मी आठवून पाहिला, त्या दिवशी आणि नंतरही किती वेळा. सपाट होता. त्यात राग नव्हता, मायाही नव्हती. आपलाच शब्द होता, आणि अर्ध्या तासापूर्वी तो तिला दुसऱ्या अर्थाने शिकवणारे मामाच होते.

येसू म्हातारी सर्वपित्रीच्या चार दिवसांनी गेली. संगीताने फोन करून कळवलं. शेवटपर्यंत शांत होती म्हणाली, बांधाकडे एकदाही बघितलं नाही. वेणूने कुंकू पुसलं. वाडीत आता कुणी तिला खुळी म्हणत नाही. हे मी मामांना सांगितलं. त्यांना बरं वाटेल असं मला वाटलं होतं.

रूपेशची स्मरणिका छापून आली. एका पानावर मामा, दोन खुर्च्यांच्या मध्ये, कान आणि खांदा, खाली ‘आपल्या गावचे राजदूत’. मी ती त्यांच्या हातात दिली आणि चहाचा कप समोर ठेवला. त्यांनी फोटो बघितला, बाजूला ठेवला आणि कपाकडे बघत बसले.

"मामा, घ्या आता, प्या," मी म्हटलं.

त्यांनी वर पाहिलं. "तू सांगून काय उपेग, संध्ये?" म्हणाले. "तिनं ‘घ्या ना’ म्हनलं, ते माफीच्या आधी."

मी संध्याकाळी शाळेतून आले तेव्हा कपावर साय धरली होती.